एक वही, दोन इच्छुक

ये गं, अशी माझ्या बाजूला बस. दारात उभं राहून अर्ध्या कानाने ऐकायची तुम्हा पोरींची सवय काही बरी नाही. आणि मघाशी काय म्हणालीस, राजकारणातलं मला कळत नाही आणि कळून घ्यायचंही नाही? असं बोलू नये बाळा. तुमच्या टॉवरच्या गेटासमोर गटाराला झाकण नव्हतं, तुझी आई पडता पडता वाचली, तेव्हा पत्र घ्यायला कुणाच्या ऑफिसात आली होतीस? माझ्याच ना. ते पत्र मीच लिहिलं होतं. तेव्हा चहा घे आणि ऐक. दिवाळी अंकवाल्यांनी कामाच्या आठवणी लिहून मागितल्यात. पण मला लिहायचं म्हणजे समोर कोणीतरी बसलेलं लागतं, म्हणून तुला बसवलंय.

मी शालिनी, कांजूरमार्गात सगळ्यांची शालूकाकी. शाळा सातवीपर्यंत. माझे यजमान गिरणीत होते, गिरणी बंद पडली आणि ते घरी बसले. त्यांचे मित्र वसंतभाऊ तेव्हा आमदार वगैरे काही नव्हते. पक्षाचं एक दहा बाय बाराचं ऑफिस होतं, तिथे ते लोकांची कामं करायचे. एक दिवस घरी आले नि म्हणाले, "वहिनी, दुपारी ऑफिसात फोन उचलायला कोणी नसतं. याल का?" मी म्हटलं, फोन उचलीन, पण बोलू काय? तर म्हणाले, "ऐकून घ्या. अर्धी कामं ऐकून घेतल्यावरच होतात."

हे वाक्य मी अठ्ठावीस वर्षं वापरलं. भाऊ आमदार झाले, एकदा नाही, तीनदा झाले, ऑफिसाला काचेचं दार लागलं, एसी लागला, पण मी त्याच खुर्चीत.

आता हे काम काय असतं ते तुला सांगते, कारण बाहेरच्याला वाटतं आमदाराच्या ऑफिसात कटकारस्थानं शिजतात. कसलं काय. आमदाराचं काम कायदे करायचं, हे पुस्तकात. प्रत्यक्षात माणसं येतात ती नळाला पाणी नाही, पोराला अकरावीला प्रवेश नाही, हॉस्पिटलात बेड नाही म्हणून. एक गृहस्थ दर सोमवारी यायचे, वरच्या मजल्यावरची बाई सकाळी सहाला मिक्सर लावते, आमदारांनी तिला समज द्यावी. दुसरा एक आला, बायको माहेरी जाऊन बसलीय, आमदारांच्या लेटरहेडवर तिला परत यायचं पत्र द्या. मी म्हटलं, अरे, आमदारांच्या पत्राने रेशनकार्ड परत येतं, बायको नाही येत. तू स्वतः जा, आणि जाताना हात हलवत जाऊ नको. गेला, आणि आलीसुद्धा ती. नंतर दोघं पेढे घेऊन आले, पेढे मात्र आमदारांच्या नावाने.

पत्रं दोन प्रकारची, हेही ऐकून ठेव. एक, ज्याच्या मागोमाग आपला फोन जातो. दुसरं, ज्याच्या मागे फोन जात नाही. कागद तोच, सही तीच, शिक्का तोच. समोरचा अधिकारी पत्र वाचतच नाही, तो फोनची वाट बघतो. फोन कुणासाठी करायचा नि कुणासाठी नाही, हे भाऊ माझ्यावर सोडायचे. त्यात कधी चुकले असेन. एका पोरीच्या नर्सिंगच्या प्रवेशासाठी फोन करायचा राहून गेला, ती अजून रस्त्यात भेटली की हसते, आणि मला ते हसू टोचतं.

आणि तिसरी गोष्ट म्हणजे वही. लांबडी, निळ्या पुठ्ठ्याची. आपल्याकडे मतदान केंद्राला बूथ म्हणतात. एकेका बूथमागे आपली दोन माणसं लागतात. मतदानाच्या दिवशी बाहेर टेबल टाकून बसायचं, यादीत नाव शोधून चिठ्ठी द्यायची, आजीला रिक्षा बघून द्यायची. ही माणसं पगारी नसतात. ती टिकवावी लागतात. कुणाच्या घरी बारसं, कुणाकडे ऑपरेशन, कुणाचं भांडण, सगळं त्या वहीत माझ्या अक्षरात. आणि त्यातलं कोणी वारलं तर मी नाव खोडत नसे. नावापुढे तुळशीचं एक पान काढायचे, बारीकसं. कारण त्या घरातलं काम थांबत नाही ना. नवरा गेला तर बायको बसते, बाप गेला तर लेक. आणि फोन लावताना पान दिसलं की मला कळायचं, इथे आधी चौकशी करायची, मग काम सांगायचं. नवीन नाव लिहायची गरजच वाटली नाही कधी. मला माहीत होतं, मग झालं.

इथेच घात झाला.

गेल्या विधानसभेच्या आधीची गोष्ट. भाऊंच्या तीन टर्म झालेल्या. चौथ्या वेळी तिकीट त्यांनाच, असं सगळे धरून चालले होते, भाऊ तर चालत होतेच. तेवढ्यात नाक्यावर सुजाताच्या वाढदिवसाचा बॅनर लागला.

सुजाता म्हणजे आमच्या महिला आघाडीची प्रमुख. बुद्धविहाराच्या मागच्या गल्लीतली पोर. कॉलेज संपल्यावर वडिलांच्या पेन्शनचं पत्र न्यायला आली होती. मी लिहिलेलं पत्र वाचून म्हणाली, "काकी, यात तारीख राहिलीय." मी म्हटलं, मग तूच लिही. ती बसली ती बसलीच, पंधरा वर्षं. तिला पत्र लिहायला मी शिकवलं आणि मला कम्प्युटर तिने.

तर बॅनर. आमच्या धंद्यात बॅनर वाचता यावा लागतो. अक्षरं सगळेच वाचतात, फोटो बघायचे असतात. कुणाचा केवढा, कुणाच्या वर, कुणाच्या बाजूला. आधीच्या वर्षापर्यंत सुजाताच्या बॅनरवर भाऊंचा फोटो परातीएवढा असायचा. या वेळी तो खालच्या ओळीत, पोस्टाच्या तिकिटाएवढा. आणि तिच्या नावाखाली दोन शब्द, भावी आमदार.

भाऊ सकाळी गाडीतून येताना ते बघून आले. खुर्चीत बसले, पाणी प्यायले. म्हणाले, "वहिनी, भावी आमदार आज आल्या नाहीत का ऑफिसला?"

सुजाता आतच होती, झेरॉक्स काढत. बाहेर येऊन म्हणाली, "भाऊ, बॅनर पोरांनी लावला. मला विचारलं नाही."

"मग काढायला सांग."

तिने झेरॉक्सचे कागद टेबलावर ठेवले. मग म्हणाली, "नाही सांगणार. लावला नव्हता मी, पण खोटंही नाहीये ते. मी तिकीट मागणारे, भाऊ. तोंडावर सांगते, मागून कळण्यापेक्षा."

भाऊ म्हणाले, "माग. मागायला काय, पाऊसही मागतात लोक."

त्या दिवसापासून ऑफिसात चहा दोन वेगळ्या वेळी व्हायला लागला.

तुला म्हणून सांगते, दोन वेगळ्या पक्षांची निवडणूक सोपी असते गं. समोरचा तो समोरचा. एकाच पक्षात दोन इच्छुक झाले की वाट लागते. ज्याच्या टपरीवर आपण चहा पितो तो कुणाचा, हे आधी बघावं लागतं.

मग वरून निरोप आला की मुलाखती होणार. पक्षाचे निरीक्षक येतात, बाहेरगावचे मुद्दाम, म्हणजे त्यांचं इथे कोणी नातेवाईक नको. प्रत्येक इच्छुकाने बूथवार माणसांची यादी घेऊन यायची. यादी बघून ते ठरवतात, हा खरोखर माणसं बाळगून आहे की नुसते बॅनर.

सुजाता त्याच संध्याकाळी माझ्या घरी आली. "काकी, मला वही पाहिजे. एक दिवस. नाही म्हणालात तरी राग नाही धरणार."

मी रात्रभर विचार केला असं खोटं सांगणार नाही. पाच मिनिटं केला. वहीतली निम्मी माणसं मी जोडली, पण गेल्या काही वर्षांत नवीन वस्तीत, वरच्या टेकाडाच्या बाजूला दारोदार कोण फिरलं? हीच. वही कुणा एकाची कशी म्हणू? मी दिली. आणि दोन दिवसांनी भाऊंचा पुतण्या आला, "काकी, वही द्या, काकांनी मागितलीय," त्यालाही दिली. चूक इथे नाही झाली. चूक ही झाली, की सुजाताला दिली होती हे मी भाऊंना सांगितलं नाही. आज सांगू, उद्या सांगू. सकाळी त्यांचा मूड बघायचे आणि गप्प बसायचे. अठ्ठावीस वर्षांत मी त्यांच्यापासून लपवलेली ही एकच गोष्ट.

आमच्या कोकणी मंडळातल्या एकाला मात्र कुठून तरी वास लागला. बाजारात गाठून म्हणाला, "काकी, तू आमच्यातली, आणि वही तिका कित्याक दिलंस?" मी म्हटलं, "वहीत दोन्ही गल्ल्यांची नावां आसत रे. तू तुझ्या कोळंबीचा भाव बघ."

मुलाखती घाटकोपरला एका हॉलमध्ये. मी गेले होते कारण भाऊंना डबा लागतो, बाहेरचं चालत नाही. सुजाताबरोबर फिरणारी कार्यकर्ती पोरंही होती. बाहेर प्लास्टिकच्या खुर्च्या, आत निरीक्षक. साताऱ्याकडचे, वयस्क, पांढरा सदरा, आवाज एकदम हळू. हळू बोलणाऱ्या माणसाला मी जरा घाबरतेच.

भाऊ आत जाऊन आले. सुजाता आत जाऊन आली. मग आतून बोलावणं, दोघं एकदम या. आणि पाच मिनिटांनी आणखी एक बोलावणं, शालूकाकी कोण?

आत गेले. टेबलावर दोन फायली शेजारी शेजारी. निरीक्षकांनी दोन्हींतली एकेक ओळ बोटाने दाखवली. तीच नावं, त्याच क्रमाने, पहिल्यापासून शेवटपर्यंत. आणि दोघांच्या टायपिंगवाल्यांनी तुळशीची पानं सोडून दिलेली. त्यांना वाटलं असेल, बाईने बसल्या बसल्या नक्षी काढलीय. म्हणजे गेलेली अकरा माणसं दोन्ही फायलींत जिवंत, फोन नंबरासकट.

निरीक्षकांनी मध्येच एक नाव निवडून फोन लावला होता, दत्ताराम. तो फोन त्यांनी परत लावला, स्पीकरवर, मला ऐकवायला. दत्तारामची बायको रजनी बोलली.

"दत्ताराम आहेत का?"

"आहेत की. भिंतीवर. मघाशी पण तुम्हीच केलेलात ना?"

"बूथचं काम कोण बघतं मग?"

"दोन निवडणुका मीच बसतेय. सुकी भेळ खाऊन. एक वडापाव पण धड येत नाही तुमच्याकडून."

"पण यादीत तुमचं नाव नाही."

"ते शालूकाकीला विचारा. तिच्या वहीत आम्ही बायका नवऱ्याच्या नावावरच चालतो."

हे वर्मी लागलं. मला पान काढायचं कौतुक होतं, पण पानाखाली जिवंत बाईचं नाव लिहायचं कधी सुचलं नाही. पुढच्या दिवशी मी पहिलं काम ते केलं. अकराही नावं, शाईने.

निरीक्षकांनी फोन ठेवला. "वही दोघांना दिलीत?"

"दिली."

भाऊ माझ्याकडे वळले. रागाने बघतील असं वाटलं होतं. तसं बघितलं नाही. ओळख पटत नसल्यासारखं बघितलं, ते जास्त वाईट.

मग असे गेलेले किती, ते मला विचारून निरीक्षकांनी त्या अकरा नावांवर पेन्सिलने खुणा करायला लावल्या, मीच केल्या, आणि ते दोघांना म्हणाले, "एकेक सांगा, यांच्याबद्दल काय माहीत आहे."

भाऊंनी सांगितलं. दत्ताराम कधी गेला, स्मशानात कोण कोण होतं, भाऊंनी खांदा कुठून कुठपर्यंत दिला. अकराच्या अकरा मयतं त्यांना आठवली.

सुजाताने सांगितलं. रजनीताईला शुगर आहे, दुपारी तिच्या जागी लेक बसते. अमक्याकडे सून बसते, पण तिचं नाव अजून माहेरच्या यादीत, ते बदलायचा अर्ज दिलाय. अकराच्या अकरा घरांत आज कोण आहे, ते तिला पाठ.

निरीक्षकांनी काहीतरी लिहून फायली मिटल्या, निर्णय नंतर कळवू म्हणाले. पण मी इतकी वर्षं माणसांची तोंडं वाचलीत. मला तिथेच कळलं. मला वाटतं भाऊंनाही कळलं.

जिना उतरताना भाऊ म्हणाले, "वहिनी, नुसतं सांगितलं असतंत." डबा त्यांनी घेतला नाही. मी तो तसाच घरी आणला.

चार दिवसांनी तिकीट जाहीर झालं, सुजाताला. भाऊंनी फोन बंद केला. पुतण्याने सगळीकडे सांगितलं, काका अपक्ष उभे राहणार, अर्ज भरून तयार आहे. आता अपक्ष म्हणजे काय, तर दोघं पडणार आणि तिसराच निवडून येणार. ते एक. पण माझ्या डोळ्यांसमोर वही होती. एकेका घरात दोन टेबलं लागणार. रजनी माझ्याकडे येऊन डोळे पुसत म्हणाली, "काकी, भाऊंनी माझ्या नवऱ्याला खांदा दिला, सुजाताने माझ्या लेकीला नोकरी लावली. मी बसू कुठे?"

अर्ज भरायच्या शेवटच्या दिवसाच्या आदल्या सकाळी मी भाऊंच्या घरी गेले, वही घेऊन. त्यांच्या दारात पंधरा वर्षं चपलांचा ढीग असायचा, आपली चप्पल शोधायला वेळ लागायचा. त्या दिवशी दारात माझीच एक जोडी.

भाऊ आरामखुर्चीत. मी सरळ म्हटलं, "माझं चुकलं. सांगायला पाहिजे होतं."

"सांगितलं असतंत तर मी वही काढून घेतली असती."

"म्हणूनच नाही सांगितलं."

त्यावर ते थोडं हसले. तीन टर्म उगाच नाही झाल्या, स्वतःवरचा विनोद कळतो त्यांना. मग म्हणाले, "आता काय, उभा राहू नको म्हणून सांगायला आलात?"

"नाही. उभे राहा. पण टेबलांवर कोण बसणार तेवढं या वहीत खूण करून द्या. मला फोन लावायचेत. कोण तुमचं, कोण तिचं."

त्यांनी चष्मा लावला, पेन घेतलं. पहिलं पान उघडलं. पहिल्या नावावर पेन टेकवलं नि थांबले. "हिची मोठी मुलगी ती सुजाताबरोबर फिरते तीच ना?" हो म्हटलं. दुसरं नाव. "हा तर माझा माणूस. पण याची बायको..." सुजाताची मैत्रीण, मी म्हटलं. भाऊंनी पान उलटलं. माईंनी, म्हणजे त्यांच्या मिसेसनी, पोहे आणून ठेवले, ते निवले. भाऊ वाचत होते. पुष्कळ वर्षांनी वाचत होते. मध्येच विचारायचे, याचं गुडघ्याचं ऑपरेशन झालं का, ही म्हातारी अजून आहे का, हा कांदिवलीला राहायला गेला नि तरी मतदानाला इथे येतो? येतो, म्हटलं, तुमच्यासाठी येतो. अख्खी वही संपली आणि एकही खूण झाली नव्हती.

वही मिटली, चष्मा काढला आणि विचारलं, "सुजाताचा सूचक कोण आहे?"

सूचक म्हणजे उमेदवाराच्या अर्जावर, ह्याचं नाव मी सुचवतो, म्हणून सही करणारा मतदार. मी म्हटलं, अजून ठरलं नाही. खोटं बोलले. ठरलं होतं. ते मी रस्त्यातून फोन करून बदलायला लावलं.

दुसऱ्या दिवशी निवडणूक कार्यालयात भाऊ सही करायला वाकले, तर सुजाता म्हणाली, "भाऊ, रकान्यातच करा हां. अर्ज बाद व्हायचा माझा."

"मला सही शिकवतेस? तुझं पहिलं पत्र मी तीन वेळा फाडलंय."

"दोन वेळा. तिसऱ्यांदा काकीने फाडलं."

मग भाऊ तिच्या पहिल्या सभेत बोलले. फार नाही, चार वाक्यं. पुतण्या नाराज होऊन महिनाभर मालाडला सासुरवाडीला जाऊन राहिला, नंतर आला. सुजाता निवडून आली. रजनी टेबलावर बसली, आणि या वेळी तिच्यासाठी वडापाव मी स्वतः नेला, दोन चटण्यांसकट.

मी यंदा खुर्ची सोडली. माझ्या जागी रजनीची धाकटी लेक आहे, फोन छान उचलते, जरा फटकन बोलते एवढंच. वही तिने मोबाइलमध्ये घातलीय. पान काढायची सोय त्यात नाही म्हणाली, मग कुठलंसं हिरवं चित्र शोधून काढलं आणि त्याच्याखाली नवीन नाव लिहायची जागा केली.

भाऊ मात्र ऑफिसात येतात. सुजातानेच सांगितलं, यायचं. अकरा ते एक बाकावर बसतात, लोकांच्या मध्ये, आमदारांच्या खोलीत नाही. माणसं सवयीने त्यांच्याकडे जातात, ते ऐकून घेतात आणि आत पाठवतात. पण त्यांना एक खोड लागलीय. कोणी बाजूला येऊन बसलं की लगेच विचारतात, "काय काम होतं?" त्यांचा दोष नाही. त्यांच्या दारात आजवर बिनकामाचं कोणी आलंच नाही.

तेव्हा तू ये गं. दिवाळी झाल्यावर लगेच, पुढे ढकलू नको. मीही असते तिथे, घरी करमत नाही. अकराच्या सुमारास ये, भाऊंच्या शेजारी बस, आणि त्यांनी काय काम म्हणून विचारलं की सांग, काही नाही भाऊ, सहज आले.